एकही थेंब नाही

कारखान्यात त्याला सगळे थेंबे म्हणत. ते काही त्याचं आडनाव नव्हतं, कामावरून पडलेलं नाव होतं. कारखाना लहान मुलांच्या ताटल्या, वाट्या आणि कप बनवायचा, आणि तपासणीच्या खोलीत हा गडी गेली सहा वर्षं पाण्याने भरलेले कप आकड्यांना उलटे टांगून खालच्या कागदावर पडणारे थेंब मोजत होता. कागदावर ओला ठिपका उमटला की त्याच्या कपाळाला आठी पडायची. नाही उमटला की त्याला आतून गुदगुल्या व्हायच्या.

यंदा तर गुदगुल्यांचा सुकाळ होता. नवा सिपर तयार होत होता. दोन बाजूंना धरायला दोन कान, वर घट्ट झाकण, झाकणाला बदकासारखी चपटी चोच, आणि चोचीच्या मुळाशी सिलिकॉनची एक बटणाएवढी चकती. त्या चकतीत अधिकच्या चिन्हासारखी चीर. बाळानं चोच ओढली की चीर उघडणार, सोडली की मिटणार. आधीचा सिपर गळका होता. लोकांच्या पिशव्या भिजल्या, गाद्या भिजल्या, कुणाची तर पासपोर्टची कागदपत्रं भिजली, आणि तक्रारींनी मॅडमच्या नाकी नऊ आणले. मॅडम म्हणजे तपासणी विभागाच्या प्रमुख, थेंबेच्या थेट वरिष्ठ. तेव्हा थेंबेनंच सुचवलं होतं, चार मिलिमीटरची चीर आहे ना, ती दोनची करा. केली. कप दिवसभर उलटा टांगला, टेबलावरून पन्नास वेळा पाडला, उकळत्या पाण्यातून काढला, पुन्हा टांगला. कागद कोरडा ठाक. मोठ्या साहेबांनी सगळ्यांसमोर त्याची पाठ थोपटली आणि खोक्यावर ठळक अक्षरांत छापून घेतलं, एकही थेंब नाही. पुढच्या सोमवारी मशीन सुरू होणार होतं.

आणि नेमका हाच सिपर त्याच्या घरात हवा होता. त्याची ताई बाळंतपणापासून माहेरीच होती, कारण भाऊजी जहाजावर इंजिनीअर, सहा-सहा महिने पाण्यावर. ताई इस्पितळात एक्स-रे काढायची. तिची रजा संपत आली होती, आणखी पंधरा दिवसांनी ती कामावर जाणार होती. दिवसभर बाळाला आई सांभाळणार, हे ठरलेलं. आई म्हणजे ताईची आणि थेंबेची. अडचण एकच होती. नऊ महिन्यांची भुंगी अंगावर सोडून दुसऱ्या कशातूनच दूध पीत नव्हती. भुंगी हे नाव मामानं ठेवलेलं, कारण ती खाताना गुणगुणायची. मऊ भात भरवा, फळ कुस्करून द्या, नाकातून एकसारखं "हुंऽऽ हुंऽऽ" चालायचं. पण बाटली दाखवली की आवाज बंद, ओठ घट्ट, मान भिंतीकडे.

"एवढंच ना," थेंबे ताईला म्हणाला होता. "माझा सिपर येऊ दे. बघशील."

मशीन सुरू व्हायच्या आठवडाभर आधी, सोमवारी संध्याकाळी तो नमुन्याचा एक सिपर घेऊन तीन जिने धावतच चढला. पिवळ्या रंगाचा. घासून, उकळून, त्यात ताईनं काढून ठेवलेलं कोमट दूध भरून त्यानं तो भुंगीसमोर ठेवला आणि स्वतः जमिनीवर पालथा झोपला, तिच्या डोळ्यांच्या पातळीला.

भुंगीनं सिपरचे दोन्ही कान धरले. चोच तोंडात घातली. गुणगुण थांबली. गाल आत गेले, भुवया वर गेल्या, चेहरा लाल झाला. मग तिनं चोच बाहेर काढली, तिच्याकडे नीट पाहिलं, पुन्हा तोंडात घातली, पुन्हा ओढली. तिसऱ्या वेळी सिपर सरळ भिंतीवर जाऊन आदळला.

थेंबेनं तो उचलला, हलवून पाहिला, उलटा धरला. "बघ, एवढ्या जोरात आपटला तरी थेंब नाही."

"कपाचं सगळं झकास आहे रे," आई पोळपाट पुसत म्हणाली. "पोरीच्या पोटात काय गेलं?"

मंगळवारी त्यानं मांडीवर घेऊन पाहिलं. सकाळी दूध कोमट, संध्याकाळी जरा गार. ताईनं आपला शर्ट त्याला घालायला दिला, वासानं फसेल म्हणून. भुंगी फसली नाही. तिनं शर्टाचं बटण चोखलं आणि सिपर आईच्या पायावर टाकला. ताई हसली, पण हसू टिकलं नाही. "मी रजा वाढवून मागते," ती म्हणाली. "पगाराविना देतील. पण मग त्या जागेवर दुसरं कुणी येईल."

"अगं थांब, सवय लागायला वेळ लागतो."

"तिला की तुला?" ताईनं विचारलं.

बुधवारी कामावरून आल्यावर आई भुंगीला घेऊन खाली फिरायला गेली होती आणि ताई कपडे वाळत घालत होती. ओट्यावर सिपर होता, पाण्यानं अर्धा भरलेला. थेंबेला तहान लागली होती. ग्लास हाताशी नव्हता. त्यानं सहज सिपर उचलला आणि चोच तोंडात धरून ओढली.

काही आलं नाही.

त्यानं जरा जोर लावला. गाल दातांना चिकटले. आणखी जोर लावला तेव्हा कानात खुट्ट झालं आणि जिभेवर थेंबभर पाणी आलं. थेंबभरच. तो एकोणतीस वर्षांचा, सकाळी उठून दोन मैल पळणारा माणूस होता. त्यानं सिपर खाली ठेवला आणि टेबलावरच्या खोक्याकडे पाहिलं. एकही थेंब नाही. खरंच होतं ते.

"ताई," तो हाक मारत गॅलरीत गेला, "ताई, यातून कुणी प्यायलंच नाहीये."

"माहिती आहे मला. तीन दिवस तेच बघतेय."

"तसं नाही गं. कुणीच नाही. कारखान्यात. आम्ही टांगला, पाडला, उकळला, पिळला, गाडीत घालून हलवला. प्यायलं नाही कुणी. एकानंही नाही."

ताईच्या हातात ओला टॉवेल तसाच राहिला. मग ती एवढी हसली की शेजारच्या गॅलरीतून कुणीतरी डोकावलं. थेंबेलाही हसू फुटलं, पण त्याचे पाय एका जागी राहिनात. तो खोलीत आला, परत गॅलरीत गेला, परत आत आला. त्याच्या डोक्यात एकच चक्र फिरत होतं. दोनची चीर फार छोटी, चारची फार मोठी. मधलं काही करून पाहिलं पाहिजे, आणि आत्ता पाहिलं पाहिजे.

पिशवीत त्याचं भिंग होतं आणि कारखान्यातलं बारीक पातंही. नमुन्यासोबत चार जादा चकत्या आल्या होत्या. खिडकीशी उजेडात बसून, पट्टी लावून, श्वास रोखून त्यानं पहिली चकती कापली. पातं घसरलं, चकती गेली. दुसरी एका बाजूला फाटली. तिसरीच्या वेळी ताईनं ती चिमट्यानं धरून ठेवली. एक्स-रे काढणाऱ्या बाईचा हात तो, दगडासारखा स्थिर. चीर झाली बरोबर तीन मिलिमीटर, दोन्ही बाजूंनी. धुतली, उकळली, बसवली. थेंबेनं आधी स्वतः ओढून पाहिलं. आलं. सहज आलं. त्यानं पुन्हा धुऊन दूध भरलं.

आई भुंगीला घेऊन वर आली तेव्हा दोघं भावंडं जेवणाच्या टेबलाशी परीक्षेला बसल्यासारखी उभी होती.

"आता काय नवीन?" आई म्हणाली.

भुंगीला तिच्या उंच खुर्चीत बसवलं. तिनं सिपर ओळखला आणि नाक मुरडलं. तरी हात गेलाच. चोच तोंडात गेली. गाल जेमतेम आत गेले आणि तिचे डोळे मोठे झाले. घशातून गुटुक् असा आवाज आला. तिनं चोच काढली, मामाकडे पाहिलं, मग ताईकडे, जणू हे कुणी केलं असं विचारत होती. हनुवटीवरून दुधाचा ओघळ मानेत उतरला. मग तिनं सिपर दोन्ही हातांनी ओढून घेतला, मान मागे टाकली, आणि पिता पिता तिची ती गुणगुण सुरू झाली, चोचीतून, दुधातून, बुडबुड्यांसकट.

थेंबेनं आईला उचललं. अक्षरशः उचललं. "अरे कंबर, माझी कंबर," असं ती म्हणेपर्यंत तिची एक फेरी झाली होती. ताई खुर्चीत बसून तोंडावर हात धरून लेकीकडे बघत राहिली.

शेवटी थेंबेनं सिपर घेऊन सवयीनं उलटा धरला. एक थेंब पडला. जरा वेळानं दुसरा.

त्याचा चेहरा उतरला. सहा वर्षांत त्यानं असा कप पास केला नव्हता.

"पुसायला फडकं आहे घरात," आई म्हणाली. "दोन थेंबांचं काय घेऊन बसलास?"

गुरुवारी सकाळी मॅडमनी पर्स टेबलावर ठेवायच्या आत तो त्यांच्यासमोर उभा होता.

"मॅडम, सोमवारी मशीन सुरू करू नका."

मॅडमनी चष्म्याच्या वरून पाहिलं. "बस आधी. पाणी पी."

"ह्यातून पितो," म्हणून त्यानं सिपर पुढे केला. "म्हणजे तुम्ही प्या. मला जमलं नाही."

त्यानं सगळं सांगितलं. भुंगी, भिंत, शर्ट, कानातलं खुट्ट. सांगून झाल्यावर मॅडम म्हणाल्या, "थेंबे, दोनची चीर कुणी मागितली होती?"

"मीच."

"पाठ कुणाची थोपटली?"

"माझीच. म्हणून तर मी आलोय. दुसरं कुणी येणार नाही."

"अजून एकही तक्रार नाही या कपाची."

"विकलाच नाही तर तक्रार कुठून येईल? आणि विकल्यावर तरी करणार कोण? नऊ महिन्यांचं पोर?"

मॅडमच्या ओठांचा कोपरा हलला. पण त्या जुनं खोड होत्या, एका पोरीच्या घोटावर मशीन थांबवणाऱ्या नव्हेत. "एक बाळ म्हणजे पुरावा नाही," त्या म्हणाल्या. "एखादं मूल हट्टीच असतं. मोठ्या साहेबांसमोर मी काय सांगू, थेंबेच्या भाचीला आवडलं नाही?"

"मग किती बाळं हवीत?"

मॅडम विचारात पडल्या. "आठ तरी आण."

"उद्या दुपारपर्यंत आणतो," थेंबे म्हणाला आणि त्या काही बोलायच्या आत दाराबाहेर गेला.

तो दिवस त्यानं कसा काढला ते त्याचं त्यालाच माहीत. पॅकिंगमधल्या एकीचे जुळे होते, अकरा महिन्यांचे. दोघं मिळाले. हिशेबनिसाची बायको घरीच होती आणि मुलगा सात महिन्यांचा. ट्रकवाल्याची नात, रंग विभागातल्या पोरीचा भाचा, कँटीनवालीची धाकटी. फाटकावरच्या रखवालदाराला विचारलं तेव्हा तो म्हणाला, "माझा नातू सव्वा वर्षाचा आहे. चालेल का? चावतो मात्र." थेंबे म्हणाला, पळेल. भुंगी धरून आठ झाली.

मग राहिल्या चकत्या. त्यासाठी तो साचेवाल्या काकांकडे गेला. कारखान्यातली सगळी पाती आणि साचे या काकांच्या हातून निघत. निवृत्तीला सहा महिने राहिले होते आणि घाई या शब्दाचा त्यांना मनापासून तिटकारा होता.

"तीनची चीर? उद्या? आठ चकत्या?" काका म्हणाले. "डोकं ठिकाणावर आहे ना?"

"आठ दोनच्या आहेतच. आठ तीनच्या हव्यात. आणि आठ झाकणं चकतीशिवाय."

"कशासाठी?"

थेंबेनं नुसता सिपर पुढे केला. काकांनी चोच तोंडात धरली आणि ओढली. त्यांच्या मिशा आत गेल्या. त्यांनी सिपर हळूच खाली ठेवला, चष्मा पुसला आणि लहान हातप्रेसकडे चालू लागले. "मी माझ्या हातानं बनवलाय हा साचा," एवढंच ते म्हणाले. संध्याकाळी पाच वाजता तीनच्या आठ चकत्या एका स्वच्छ डबीत थेंबेच्या टेबलावर होत्या. त्यानं भिंगाखाली पाहिल्या. एकाही चिरेची कड फाटलेली नव्हती.

शुक्रवारी दुपारी जेवणाची वेळ संपल्यावर कँटीनमधली टेबलं भिंतीला लावली, जमिनीवर गाद्या अंथरल्या आणि बाळं यायला लागली. प्रत्येकासाठी तीन सिपर. तळाला रंगीत ठिपका होता, लाल म्हणजे दोनची चीर, पिवळा म्हणजे तीनची, निळा म्हणजे चकतीच नाही. ज्याचं जे नेहमीचं दूध ते, मोठ्या बाळांना पाणी. मॅडम वही घेऊन खुर्चीत बसल्या. काका दारात उभे, हात पाठीमागे. ताई भुंगीला घेऊन आली होती. पहिल्यांदाच भावाचा कारखाना बघत होती, आणि तिच्यापेक्षा भुंगीच जास्त बघत होती.

सुरुवात लाल ठिपक्यानं झाली. जुळ्यातल्या एकानं ओढलं, दुसऱ्यानं त्याचं पाहून ओढलं, मग दोघांनी एकदम भोकाड पसरलं. हिशेबनिसाच्या मुलानं चोच चघळली आणि झोपायच्या बेतात आला. ट्रकवाल्याच्या नातीनं सिपर डोक्यावर ठेवला. कँटीनवालीची धाकटी मात्र चिवट, ओढ ओढ ओढली, गाल लालबुंद, शेवटी अर्धा घोट तिला मिळाला आणि आजूबाजूच्या बायकांनी तिचं कौतुक केलं. आठात एक. मॅडमनी लिहिलं.

मग निळा. तो आधी सगळ्यांना फार आवडला. दूध आपोआप येत होतं. रखवालदाराच्या नातवानं अर्धा कप एका दमात संपवला. पण हिशेबनिसाच्या सात महिन्यांच्या मुलाला ठसका लागला, पाठोपाठ भुंगीला लागला. आयांनी घाईनं मुलं उभी धरली, पाठीवरून हात फिरवले, आणि थेंबेनं निळे सिपर गोळा करून टाकले. गाद्या चिंब झाल्या होत्या.

"थोडं थांबू या," मॅडम म्हणाल्या.

पाच-दहा मिनिटं गेली. मुलं शांत झाली. मग पिवळे वाटले.

आणि कँटीन हळूहळू गप्प झालं. आधी भुंगीची गुणगुण सुरू झाली. मग जुळ्यांपैकी एकाचं गुटुक्, मग दुसऱ्याचं. ट्रकवाल्याच्या नातीनं डोक्यावरून सिपर खाली घेतला आणि चोच तोंडात घातली. हिशेबनिसाच्या मुलाला चोच आधी सापडेना, त्याच्या आईनं सिपर किंचित कलता धरला, आणि त्यानंही दोन घोट घेतले, ठसक्याविना, आणि तिसऱ्यासाठी स्वतःच पुढे झुकला. थेंबे एका गादीवरून दुसऱ्या गादीवर गुडघ्यांवर सरकत होता आणि बोटांवर मोजत होता. पाच. सहा. रखवालदाराचा नातू चोच चावत बसला होता, पण चावता चावता त्याच्याही तोंडात पाणी गेलं आणि तो दचकून थांबला. सात. रंग विभागातल्या पोरीचा भाचा तेवढा काही केल्या प्यायला नाही. तो मावशीचाच पाण्याचा ग्लास मागत होता.

याच वेळी मोठे साहेब आले. पांढरा शर्ट, हातात फोन. "इथे काय बालवाडी काढलीत?"

मॅडम उठल्या. त्यांनी वही पुढे केली आणि थोडक्यात सगळं सांगितलं. साहेबांनी ऐकलं. मग एक पिवळा सिपर उचलून उलटा धरला. त्यांच्या चकचकीत बुटावर एक थेंब पडला. त्यांनी तो बघितला. दुसरा पडला.

"गळतोय," साहेब म्हणाले. "थेंबे, तू असताना गळतोय?"

कँटीनमध्ये सगळ्यांचे कान इकडेच होते. थेंबे पुढे आला. "हो साहेब. उलटा धरला तर मिनिटाला दोन-तीन थेंब येतात. मी मोजलेत. आधीचा गळायचा तेव्हा धार लागायची, तसं नाही हे."

"चाळीस हजार खोकी छापून झाली आहेत. काय छापलंय त्यावर?"

"एकही थेंब नाही."

"मग?"

थेंबेनं लाल ठिपक्याचा एक न वापरलेला सिपर पाण्यानं भरला आणि साहेबांच्या हातात दिला. "साहेब, तुम्ही फक्त एकदा यातून पिऊन बघा."

साहेबांनी इकडे तिकडे पाहिलं. आठ बाळं त्यांच्याकडे बघत होती. त्यांनी चोच तोंडात धरली आणि ओढली. गाल आत गेले. त्यांनी सिपर वाकडा केला, सरळ केला, पुन्हा ओढली. कानाच्या पाळ्या लाल झाल्या. जुळ्यांपैकी एक जण ते पाहून खदाखदा हसायला लागला, आणि त्याचं हसणं ऐकून दुसरा. मग ताईला आवरेना. मग काका दाराकडे तोंड करून खोकायला लागले. शेवटी साहेबांनीच सिपर काढला, तोंड पुसलं आणि स्वतःही हसले, जरा ओशाळून.

"हे कुणीच आधी करून बघितलं नाही?"

"नाही," मॅडम म्हणाल्या. "मीही नाही. सही माझी आहे."

"चीर माझी आहे," थेंबे म्हणाला.

"साचा माझा," दारातून काका म्हणाले.

साहेबांनी तिघांकडे आळीपाळीनं पाहिलं. "पातं बदलायला किती दिवस?"

"घाई करायची नसेल तर चार," काका म्हणाले. "घाई असेल तर पाच."

"चार घ्या. खोक्यांवर चिकटवायला पट्टी छापा. काय लिहायचं ते थेंबे, तूच लिही. पण खरं लिही, नाहीतर पुन्हा मलाच प्यावं लागेल."

थेंबेनं कँटीनमध्येच, भिजलेल्या गादीच्या कडेला बसून, मॅडमच्या वहीच्या मागच्या पानावर लिहिलं. तीन वेळा खोडलं. ताईनं एक ओळ सुचवली, मॅडमनी एक कापली. शेवटी राहिलं ते असं: बाळाला सहज पिता येईल. उलटा पडला तर दोन-चार थेंब येतील, पुसून घ्या. बाळाला बसवून पाजा, आणि रोज चकती काढून धुवा. खाली कंसात काही नाही, उद्गारचिन्ह नाही. साहेबांना ते जरा साधं वाटलं, पण त्यांनी सही केली.

नवं पातं गुरुवारी बसलं. पहिल्या शंभर चकत्या मशीनमधून पडल्या तेव्हा थेंबे मशीनशेजारी उभा होता आणि काका त्याला सारखे बाजूला ढकलत होते. त्यानं त्यातल्या दहा भिंगाखाली पाहिल्या. मग, हे नवीनच चालू झालं होतं, दहाही स्वतः तोंडानं ओढून पाहिल्या, प्रत्येक वेळी नवी चोच लावून. दुपारपर्यंत त्याला एवढं पाणी झालं की तो सारखा उठून जात होता. तपासणीच्या खोलीत आता उलटे टांगायच्या आकड्यांशेजारी गाद्यांची एक घडीही ठेवलेली होती. महिन्यातून एकदा बाळं येणार, असं मॅडमनी ठरवलं. रखवालदारानं नातवाचं नाव आधीच देऊन टाकलं.

ताई कामावर गेली त्या सोमवारी घरात सकाळपासून धावपळ. तिनं भुंगीला तीनदा जवळ घेतलं, दोनदा जिन्यावरून परत आली. फ्रिजमध्ये दुधाच्या चार छोट्या बरण्या तारीख घालून ठेवल्या. थेंबे तिला बसथांब्यापर्यंत सोडायला गेला आणि बस दिसेनाशी होईपर्यंत उभा राहिला, जणू तिचं हे पहिलंच काम होतं.

दिवसभर त्यानं फोन खिशातून काढला, ठेवला, काढला. साडेअकराला आईचा फोन आला.

"बोल, काय झालं?"

"काही झालं नाही," आई म्हणाली. "प्यायली. पहिली बरणी संपली. मग माझ्या अंगावर दोन-चार थेंब सांडले, तुझ्या पट्टीवर लिहिलंय तसे. पुसून घेतले."

"रडली?"

"तू रडतोयस का?"

"नाही गं."

"मग कामाला लाग. ताईला कळवलंय मी. ती एक्स-रेच्या खोलीत होती, बाहेर येऊन बोलली. पुढच्या पेशंटला तिनं म्हणे विचारलं, बाळ आहे का घरी म्हणून."

थेंबेनं फोन ठेवला, उठला आणि मॅडमच्या टेबलाशी गेला. काही सांगायच्या आतच मॅडमनी हात वर केला. "ऐकलं. सगळ्या खोलीनं ऐकलं. किती बरणी?"

"एक. अजून तीन आहेत."

संध्याकाळी घरी पोचला तेव्हा चारही बरण्या धुऊन पालथ्या घातलेल्या होत्या. ताई त्याच्या आधी येऊन भुंगीला घेऊन बसली होती, इस्पितळाचे बूट अजून पायातच. भुंगीला तिच्या गळ्यातल्या ओळखपत्राशी खेळायचं होतं. सिपर तिच्या मांडीवर लोळत होता, चोच चावून चावून एका बाजूनं खरबरीत झालेली.

"ही चोच चार महिने टिकेल म्हणालास ना?" ताईनं विचारलं.

थेंबेनं ती हातात घेतली. दातांचे दोन बारीक ठसे उमटले होते. परवापर्यंत भुंगीला दात नव्हते. त्यानं ताईच्या मांडीवरून तिला उचललं, खिडकीशी उजेडात नेलं आणि बोटानं तिचा खालचा ओठ हळूच खाली केला. दोन दात, तांदळाच्या कणीएवढे.

"आई," त्यानं हाक मारली, "लवकर ये, बघ इकडे."

आई हात पुसत आली. ताईही उठली. तिघंही एकदम वाकली आणि भुंगीनं तोंड घट्ट मिटून घेतलं.